लॉरीचा कागद मी प्याले

मला खाटेवरून खाली घेतलं तेव्हा मी मरत नव्हते. पण तसं सांगायला तोंडातून शब्द फुटत नव्हता. माणूस जायला लागला की त्याला सारवलेल्या भुईवर घेतात, तसं सासूनं मला घेतलं होतं. माझे ओठ जांभळे पडले होते. जीभ जांभळी, हिरड्या जांभळ्या. सासू माझ्या डोक्याशी बसून गळा काढत होती, "गेली गं माझी सून, गेली!" आणि मधेच थांबून गोळा झालेल्या बायांना सांगत होती, "जरा कडंला सरका, वारा येऊ द्या."

नवरा दारात आला. त्याची लॉरी बाहेर घरघरत होती. मला तीत घालून धाराशिवच्या दवाखान्यात न्यायचं त्यानं ठरवलं होतं. रस्त्यात पोलीस कागद बघायचे, म्हणून त्यानं फळीवरचा पत्र्याचा डबा काढला, आत हात घातला आणि तसाच उभा राहिला.

"माय, मोटारीचा कागद कुठाय?"

सासूला रडण्यातून सवड नव्हती.

"माय, मौलवीसाहेबांचा कागद हितंच हाय. मग तू हिला पाजलंस काय?"

आता सासूचं रडणं थांबलं.

आमच्याकडं ताप हटेनासा झाला की मौलवीकडून कागद लिहून आणायचे. तो पाण्यात भिजवायचा, अक्षरं पाण्यात उतरली की ते पाणी आजाऱ्याला द्यायचं. हिंदू-मुसलमान सगळेच आणायचे. मला बरेच दिवस ताप होता, डॉक्टरच्या गोळ्या संपल्या होत्या, म्हणून नवऱ्यानं तसा कागद आणून डब्यात ठेवला आणि तो जवळच्या खेड्याचं भाडं घेऊन गेला; तिकडं कागद कुणी बघायचं नाही. त्याच डब्यात लॉरीचा कागद होता. तो निजामाच्या वेळचा, सगळा उर्दूत. सासूला कुठलंच अक्षर येत नव्हतं. मी मराठी चार इयत्ता शिकले होते, पण उर्दू मलाही येत नव्हतं आणि तसंही मी शुद्धीवर नव्हते. सासूनं दोन्ही कागद बघितले. एक बोटाएवढी घडी. दुसरा मोठा, त्यावर गोल शिक्का. तिनं मोठा घेतला. पुढं ती मला म्हणाली, "एवढा आजार, त्याला एवढुसा कागद कसा पुरावा?"

त्या मोठ्या कागदावरचं लिहिणं पाण्यानं उठणाऱ्या जांभळ्या पेन्सिलीचं होतं. कचेरीत तेव्हा तीच पेन्सिल चालायची. गुण लवकर यावा म्हणून सासूनं मला ते पाणी सकाळी पाजलं, दुपारी पाजलं आणि संध्याकाळी परत पाजलं.

हे ओळखलं शेजारच्या खालानं. तिनं माझ्या उशाची वाटी उचलून उजेडात धरली. "हे आमच्यातलं न्हाय. मौलवीसाब जाफरानानं, केशरानं लिहितात, पाणी पिवळं होतं. हे जांभळं कशानं झालं?" मग तिनं पदराचं टोक ओलं करून माझा ओठ खसाखसा पुसला. पदर जांभळा झाला आणि ओठ होता तसा दिसायला लागला.

"अगं, शाई हाय ही! पोरगी चांगली हाय. उठवा तिला भुईवरून, गारठंल."

एक बाई फिस्सकन हसली. मग सगळ्याच हसल्या. सासू हसली नाही. तिनं विचारलं, "म्हंजी मरत न्हाय?"

"न्हाय मरत."

"मग माझी मोटार मेली," नवरा म्हणाला, आणि बाहेर जाऊन त्यानं लॉरी बंद केली.

तो खोटं बोलला नव्हता. ती लॉरी त्यानं ठेके घेणाऱ्या एका गुत्तेदाराकडून घेतली होती. गुत्तेदार कायमचा हैदराबादला निघून गेला. त्याचा पुतण्या मात्र आमच्या बेंबळीतच राहिला, आणि चुलत्यानं लॉरी विकलीच नाही, नुसती चालवायला दिली, असं सगळ्यांना सांगत फिरायचा. त्याला लॉरीपासून लांब ठेवणारी एकच गोष्ट होती, ती म्हणजे कागदावर उतरवलेलं माझ्या नवऱ्याचं नाव. ते आता माझ्या पोटात होतं.

सासूनं ओला कागद वाळवायचा म्हणून गरम तव्यावर टाकला. त्यानं तो दोन ठिकाणी करपला. नवरा तिच्याशी बोलेनासा झाला. भाकरी वाढली तर खायचा, पण "आणखी घे" म्हटलं तर भिंतीकडं बघायचा.

पुतण्याला बातमी लागायला वेळ लागला नाही. दुसऱ्या सकाळीच तो ओसरीवर येऊन बसला.

"कागद दाखवा, म्या जातो."

"तुला कशाला दाखवू? तू काय फौजदार हायस?" नवरा म्हणाला.

"बरं, मग फौजदारालाच दाखवा," म्हणून तो उठला.

आमच्या गल्लीतल्या शहाण्यांनी सांगितलं, कागद हरवला म्हणून अर्ज कर. नवरा अर्ज लिहून देणाऱ्या अर्जनवीसाकडं जाऊन आला. अर्जनवीस म्हणाला, हरवला म्हणालास तर चौकशी लागंल, पुतण्या हरकत घेईल, आणि तोवर लॉरी पोलिसांच्या आवारात उभी राहील. खराब झाला म्हणालास तर खराब झालेला कागद जमा करायचा आणि नक्कल घ्यायची. नवऱ्यानं दुसरी वाट धरली. पण कागद कशानं खराब झाला, हे सांगायची त्याला लाज वाटत होती. "विहिरीत पडला म्हणून सांगतो," तो मला म्हणाला.

एव्हाना माझा ताप उतरला होता. सासू म्हणत होती कागदानंच उतरला. मी तिच्याशी वाद घातला नाही, अंगात ताकद नव्हती.

नंबर तपासायला लॉरी धाराशिवच्या कचेरीत न्यावी लागणार होती. पोलीस जमादारानं तेवढ्या एका फेरीपुरती चिठ्ठी दिली. मला डॉक्टरला दाखवायचं म्हणून मीही निघाले. निघायच्या वेळी सासू एक गाठोडं घेऊन लॉरीत चढली. आत घोंगडं, लुगडं, भाकऱ्या आणि ठेचा.

"तू कुठं?" कागद करपल्यापासून पहिल्यांदाच नवऱ्यानं तिला तोंडानं विचारलं.

"जेलात," ती म्हणाली. "सरकारचा कागद म्या बुडवला. तुमी कशाला आत जाता? तुमची लेकरं व्हायचीत अजून."

कचेरीतले साहेब वयस्कर होते, डोळ्यांवर जाड भिंगाचा चष्मा. कागद त्यांनी उलटा-सुलटा करून बघितला. शिक्क्याची गोल कड तेवढी राहिली होती.

"काय झालं याचं?"

"विहिरीत पडला, साहेब."

"विहिरीत? मग जळला कशानं?"

 साहेबांनी कागद टेबलावर ठेवला. "हे बघा, आमच्या दफ्तरात नोंद मिळेल. पण लोक काय करतात, खरा कागद सावकाराकडं गहाण टाकतात आणि इथं भलताच करपलेला कागद आणून नक्कल मागतात. हा तोच कागद कशावरून?"

पुतण्या आमच्या आधीच येऊन दाराशी उभा होता. "तेच म्हणतो साहेब मी! लॉरी माझ्या चुलत्याची हाय."

 तेव्हा सासू गाठोड्यासकट पुढं झाली.

"साहेब, ह्याला काय विचारू नका, ह्याला खोटं बोलता येत न्हाय. कागद म्या धुतला. सुनंला पाजला."

"काय केलं?"

"पाजला. ताप व्हता. मौलवीचा समजून पाजला. तीन टायमाला. मग तव्यावर वाळवला. आता कुठं बसायचं सांगा, म्या घोंगडं आणलंय."

साहेबांनी चष्मा काढला. त्यांनी सासूकडं बघितलं, मग माझ्याकडं.

"बाई, तुम्ही प्यालात?"

"व्हय," मी म्हणाले.

"जीभ दाखवा."

परक्या पुरुषाला जीभ काढून दाखवायची वेळ माझ्यावर तेवढी एकदाच आली. मी दाखवली. ओठ धुऊन साफ झाले होते, पण जिभेच्या मधोमध आणि दातांच्या फटीत जांभळं होतंच. साहेब उठून जवळ आले, खिशातली तशीच पेन्सिल काढून त्यांनी ती जिभेशेजारी धरली, आणि मग खुर्चीत बसून इतके हसले की शिपाई आत डोकावला. मला राग आला होता. नवऱ्याकडं बघितलं, तर तोही हसू दाबत होता.

पुतण्या म्हणाला, "पण साहेब, चुलत्याची..."

"या बाईंचा कागद पोटात गेला तरी दिसतोय," साहेब म्हणाले. "तुमचा कुठं आहे?"

 तो निघून गेला.

दफ्तरात नोंद मिळाली, नवऱ्याच्या नावासकट. कचेरीचा माणूस लॉरीखाली शिरला. चासीवर कोरलेल्या नंबरावर पातळ कागद धरून त्यानं वरून पेन्सिल घासली, तसा नंबर कागदावर उठला. तो नोंदीशी जुळला. करपलेला कागद साहेबांनी ठेवून घेतला आणि नवा दिला. त्यावर लाल शाईनं आडवं लिहिलं होतं, नक्कल. नवऱ्यानं तो हातातच धरून ठेवला, खिशात घालायला धजेना.

सासू बाहेर लिंबाखाली बसली होती. "कवा न्हेत्यात?" तिनं विचारलं.

"कुणी नेत न्हाय. चल घरला," नवरा म्हणाला.

तिला ते पटायला वेळ लागला. पटल्यावर तिनं गाठोडं सोडलं. जेलासाठी आणलेल्या भाकऱ्या आम्ही तिघांनी आणि त्या शिपायानं तिथंच खाल्ल्या. ठेचा लई तिखट होता. नवऱ्यानं आईकडं बघून आणखी अर्धी भाकरी मागितली. मला कित्येक दिवसांनी भूक लागली होती, मी दीड खाल्ली. डॉक्टरकडं जायचं राहूनच गेलं.

लॉरी आमच्याकडंच राहिली. पुढं तिचं इंजिन बसलं तेव्हा ती भंगारात दिली. पुतण्या गेला, सासू म्हातारी होऊन गेली, नवऱ्याला जाऊनही बरीच वर्षं झाली. कागद प्यालेली बाई मी, अजून आहे.