‘इतर’ पाटीची रांग

न्यूझीलंडमध्ये, लोअर हटला, आमच्या शेजारचे गोरे आजोबा इंग्लंडला ‘होम’ म्हणायचे. जन्म इथला, वडिलांच्या गायी इथल्या. पण त्यांचं लोणी बोटीनं जायचं ‘होम’ला, आणि मोठा भाऊ युद्धात मेला तोही ‘होम’साठी. मला चीड यायची. दीडशे वर्षं आमच्या उरावर बसलेल्यांना हा माणूस घर म्हणतो!

परवा मी त्यांना लिंबाचं लोणचं द्यायला गेले. टीव्हीवर ब्रिटनचा कुणी मंत्री सांगत होता, न्यूझीलंड आमचा जुना मित्र, आता व्यापार वाढवू. आजोबांनी टीव्ही बंदच केला.

“युरोपच्या बाजारात शिरताना ब्रिटननं आम्हाला दाराबाहेर ठेवलं. आता तिथून निघाले, तर आम्ही मित्र!”

मग त्यांनी कधी न सांगितलेलं सांगितलं. ते एकदाच ‘होम’ला गेले होते. विमानतळावर जर्मन प्रवासी युरोपवाल्यांच्या रांगेतून भराभर आत गेले. ज्यांच्याशी लढताना भाऊ मेला, ते. यांना मात्र ‘इतर’ अशी पाटी लावलेल्या रांगेत उभं केलं.

“भावाचा फोटो खिशात होता. दाखवणार कुणाला?”

आधी आम्हाला विचारायचं होतंत, असं अगदी जिभेवर आलं होतं. तेवढ्यात तेच म्हणाले, “माझ्यापुढे तुमच्याकडचं एक कुटुंब होतं. डबा उघडून निवांत खात उभे होते सगळे. त्यांना कसलंच आश्चर्य वाटलेलं दिसत नव्हतं.”