विमानतळावरची ओटी

लातुरात गुरम्माची आणि माझी भिंतीला भिंत. नवरा गेल्यावर किराणा दुकान तिनंच चालवलं, एकुलत्या अक्षराचं लग्न करून दिलं. अक्षरा जावयासंगं परदेशी असते. गुरम्मा एकटी. भाजी जास्त झाली की मला हाक मारते. भाजी रोजच जास्त होते.

परवा माहेरपण संपवून अक्षरा निघाली. लेकीला रिकाम्या ओटीनं पाठवायचं नाही, आणि विधवेनं ओटी भरायची नाही. आम्ही दोघीही विधवा. ओटी भरायला येणारी गुरम्माची जाऊ शिवकन्या ऐन वेळी तापानं पडली. गुरम्मानं तांदूळ, हळकुंड, सुपारी, खण पिशवीत घातलं. "विमानतळावर मिळंल की एखादी सवाष्ण," म्हणाली. जसं काही देवळातच निघालो होतो!

नांदेडच्या विमानतळावर पोचलो तर दारात ही गर्दी! गुरुद्वाऱ्याला आलेली माणसं, केशरी-निळ्या पगड्या, ढकलगाडीवर बॅगा आणि बॅगांवर पोरं. कुणी निघालंय, कुणी उतरून गळ्यात पडतंय. गुरम्मा बघतच राहिली.

"किती देखणं गं हे! कुणी थांबून राहिलं न्हाई."

"आधी सवाष्ण बघ."

पण जीन्सवाल्या पोरींच्या गळ्यात काहीच दिसंना. लग्नाची कोण, बिनलग्नाची कोण, ओळखावं कसं? शेवटी हातभर लाल चुडा ल्यालेली एक सरदारीण दिसली. गुरम्मानं पिशवी उघडून पुढं धरली. "बहेन, मेरी बेटी की ओटी भरती क्या?"

त्या बाईनं चिमूटभर तांदूळ प्रसाद म्हणून उचलले, कपाळाला लावले, हात जोडले आणि गेली आत.

अक्षराला हसू आवरंना. हसता हसताच डोळे भरले. तिनं ओढणी पसरली. "आई, तूच भर."

"मी कशी भरू? तुझं काही वाईट झालं म्हंजे?"

"मग रिकामीच जाते."

गुरम्मानं माझ्याकडं बघितलं. मी म्हणाले, "भर की. देवानं इचारलं तर माझं नाव सांग."

तिनं भरली. डोळे मिटून ओंजळ रिती केली, निम्मे तांदूळ फरशीवर. अक्षरा ओढणीला गाठ मारून काचेच्या दारातून दिसेनाशी झाली.

"चल गं, उशीर होतोय," मी म्हणाले.

"कशाला उशीर? घरी कोण वाट बघून राहिलंय?"

तेवढ्यात दुसरं विमान उतरलं. माणसं बाहेर येऊ लागली. जो येईल त्याला कुणीतरी जवळ घेत होतं. गुरम्मा बाकावर बसून बघत होती, तोंडावर हसू. मात्र दार उघडलं की दर वेळी जागेवरून जराशी उठायची, आणि परत बसायची.