एका किल्लीची दोन कुलपं

माझी अदलाबदल मोटरवेवरच्या एका सर्व्हिसेसमध्ये होते. मोठा मुलगा मला कॉव्हेंट्रीहून घेऊन निघतो, धाकटा क्रॉयडनहून येतो. मध्ये कुठेतरी, पेट्रोलपंप आणि कॉफीच्या दुकानांपाशी, दोघं गाड्या शेजारीशेजारी लावतात आणि माझी बॅग एका डिकीतून दुसऱ्या डिकीत जाते. मग सगळे मिळून कॉफी पितात. मला चहा आणून देतात, म्हणजे गरम पाण्यात बुडवलेली पुडी. तीन महिने इथे, तीन महिने तिथे. विचारणाऱ्याला दोघंही सांगतात, "आई आमच्याकडे असते."

आमचे हे गेले तेव्हा इथले व्हिसाचे नियम आजच्याइतके कडक नव्हते, म्हणून मुलांनी मला कायमचं आणलं. नातवंडं लहान होती. त्यांना शाळेतून आणायला, जेवू घालायला घरचं माणूस हवं होतं. मी नागपुरात आयुष्यभर गणित शिकवलं, एवढं गणित मला तेव्हाही कळत होतं. पण नातवंडांचा लोभ सुटेना, आले. आता ती आपापल्या खोलीचं दार लावून बसतात. गरज सरो, वैद्य मरो म्हणतात. इथे वैद्य काही मरत नाही आणि त्याचीच सगळ्यांना पंचाईत झाली आहे.

दर हिवाळ्यात दोन महिने मी नागपूरला जायची. दोन खोल्यांचा फ्लॅट, दुसरा मजला, समोरच्या दारात माझी जुनी मैत्रीण. हे असताना आम्ही एकाच किल्लीची दोन पितळी कुलपं घेतली होती. एक त्या फ्लॅटच्या दाराला, दुसरं माझ्या बॅगेला. किल्लीच्या जोडीतली एक कधीच हरवली, उरलेली माझ्या कमरेच्या बटव्यात. सुनेला ते कुलूप खुपायचं. "आई, घरातल्या घरात बॅगला कुलूप? आम्ही काय चोर आहोत का?" मी म्हणायची, "सवय आहे गं." खरं तर दोन्ही घरांत मिळून माझी म्हणावी अशी ती एकच जागा होती, चाकं लावलेली.

मागच्या हिवाळ्यात नागपूरहून परत आले तेव्हाच मी दोघांना बसवून सांगितलं होतं, की पुढच्या खेपेला गेले की मी तिकडेच राहणार. हातपाय चालतायत तोवर स्वतःच्या घरात राहीन, स्वतःच्या गॅसवर चहा करीन. धाकटा म्हणाला, "आई, बी प्रॅक्टिकल. तिकडे एकटी? लोक काय म्हणतील?" मोठा म्हणाला, "बंद राहून घर खराब होतंय. भाड्याने देऊन टाकू. तू फक्त किल्ली दे." मी दिली नाही. कुलूप तोडायची त्यांची हिंमत नव्हती. पोरांनी आईचं कुलूप तोडलं, असं सोसायटीभर झालं असतं. किल्लीने उघडलं की ती आईची मर्जी. म्हणून ती किल्ली माझ्याजवळ होती तोवर ते घर माझं होतं.

अशात आमच्या कॉव्हेंट्रीच्या घरात तो सिनेमा शिरला.

मोठ्याच्या ऑफिसात एक तमिळ मुलगा आहे. मुलगा म्हणजे चाळिशीचा, पण मला तो मुलगाच. त्याने लांबलचक रजा टाकली आणि आपल्या भाषेत एक कौटुंबिक सिनेमा करायला घेतला. त्याला देशी माणसांचं राहतं घर हवं होतं, आमचं मिळालं. पहिल्या दिवशी दाराशी चपला काढून तो माझ्या पाया पडला, कॅमेऱ्याला हार घातला, कापूर लावला आणि घरभर स्मोक अलार्म बोंबलायला लागले. शेजारचे म्हातारे गोरे गृहस्थ गाऊनवर बाहेर आले. फार दिवसांनी त्या घरात कुणीतरी काहीतरी मनापासून करत होतं. मला बरं वाटलं.

आईचं काम करणारी बाई चेन्नईहून आली होती. तिला माझी भाषा येत नव्हती, मला तिची. आम्ही दोघी स्वयंपाकघरात एकमेकींना कॉफी करून देत होतो. तिची आणि माझी मान एकाच ठिकाणी दुखायची, ते मात्र बोटाने दाखवलं.

त्याने मला गोष्ट मोडक्या हिंदीत सांगितली. नवरा गेलेली आई, परदेशातले दोन मुलगे, आई कधी ह्याच्याकडे तर कधी त्याच्याकडे. मी माझ्या मोठ्याकडे बघितलं. तो फोनमध्ये बघत म्हणाला, "स्टोरी छान आहे ना, आई? एकदम रिलेटेबल."

मी त्या तमिळ मुलाला विचारलं, "और लास्ट में?"

"लास्ट में दोनों बेटा रोएगा, अम्मा का पैर पकड़ेगा. सब साथ में केले के पत्ते पे खाना खाएगा."

"फिर माँ रहती कहाँ है?"

"बड़े बेटे के पास, अम्मा. हॅपी एंडिंग."

"उसको किसीने पूछा?"

त्याने हातातली वही मिटली. दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्यांच्या आधी येऊन स्वयंपाकघरात माझ्यासमोर बसला. म्हणाला, अम्मा, आप बोलो, वो क्या करेगी? मी सांगितलं. ती आपल्या घरी जाईल. आपल्या हाताने आपलं कुलूप उघडेल आणि आधण ठेवेल. एवढंच. कुणी रडायला नको, पाय धरायला नको.

त्याचे डोळे चमकले. त्याने तोच शेवट करायचं ठरवलं. आणि मी मूर्ख बाई, त्या दिवसापासून आशा लावून बसले. पिकतं तिथे विकत नाही. जे मी मराठीत सांगून सांगून थकले, ते तमिळमधून, मोठ्या पडद्यावर, खाली इंग्रजी अक्षरांत आलं की माझ्या मुलांना ऐकू जाईल, असं मला वाटलं.

शेवटचं चित्रीकरण राहिलं होतं तेव्हा ती बाई दुसऱ्या सिनेमासाठी परत गेली. तिचं घरात शिरणं आधीच घेऊन झालं होतं. फक्त कुलूप उघडणाऱ्या हाताचा क्लोजअप राहिला होता. बाईचा हात मिळेना तर माझा हात. आणि माझ्या बॅगचं पितळी कुलूप त्याने पहिल्याच दिवशी हेरून ठेवलं होतं. गॅरेजच्या बाजूच्या दाराला त्यांनी जुनाट रंग दिला, कडीकोयंडा ठोकला. मला तिच्या साडीचा पदर दिला, बांगडी माझीच सोन्याची राहू दिली. मी किल्ली घातली, फिरवली, कुलूप कोयंड्यातून काढलं. तिसऱ्यांदा त्याच्या मनासारखं झालं. खरं सांगते, तिन्ही वेळा दार उघडताना आतून माझ्या घराचा वास येईल असं वाटलं. आत लॉनमोवर होता.

कॅमेरावाल्याने विचारलं, लावतानाचाही एक शॉट घेऊन ठेवायचा का? मी म्हटलं, घ्यायचा असेल तर नीट घ्या, कुलूप लावलं की दोनदा ओढून बघायचं, ओढल्याशिवाय कुठलीही बाई दारातून हलत नाही. सगळे हसले. दिग्दर्शक म्हणाला, जरूरत नहीं, अम्मा तो घर आ गई.

संध्याकाळी त्यांच्या रीतीप्रमाणे शूटिंग संपल्याचा कोहळा ड्राइव्हवेवर फोडला. कुंकवाने लाल झालेल्या फोडी दारभर उडाल्या. सूनबाई शेजारी काय म्हणतील म्हणून पाइप घेऊन लगेच धुवायला लागली. तेवढ्यात तो माझ्याकडे आला. कुलूप-किल्ली एडिटिंग होईपर्यंत ठेवू का, शॉट परत घ्यावा लागला तर तेच कुलूप हवं. मी बटव्यावर हात ठेवून उभी राहिले. तो म्हणाला, "अम्मा, आपके हाथ में वापस दूँगा." माझ्या गोष्टीसाठी मागत होता. दिली.

सिनेमा बर्मिंगहॅमला लागला तेव्हा आम्ही दोन्ही कुटुंबं गेलो. मी ठेवणीतली साडी नेसले. थिएटर तमिळ कुटुंबांनी भरलेलं, पोरंबाळं, आजीआजोबा, डब्यातले मुरुक्कू. पडद्यावर त्या आईची बॅग एका डिकीतून दुसऱ्या डिकीत गेली आणि आजूबाजूला हुंदके सुरू झाले. माझा मोठा मुलगा रडत होता. खोटं नाही, अगदी खांदे हलवून रडत होता. धाकट्याने अंधारात माझा हात धरला. मला वाटलं, पोचलं. आता शेवट होऊ दे, मग बाहेर आल्यावर मला काही बोलावंच लागणार नाही.

शेवट आला. दोघं मुलगे आईला न्यायला तिच्या गावी जातात, पाय धरतात. आई घराकडे एकदा बघते. मग पडद्यावर, खिडकीएवढा मोठा, माझा हात. हाताने कुलूप कोयंड्यात अडकवलं. किल्ली फिरवली. काढून घेतली. आणि पुढच्या क्षणी आई दोन मुलांच्या मध्ये, गाडीत, हसत. संगीत. टाळ्या.

मला आधी कळलंच नाही. मी कुलूप लावलं नव्हतं. लावण्याचा शॉट कुणी घेतलाच नव्हता. मग लक्षात आलं, त्यांनी माझा हात उलटा चालवला होता. उघडणं उलटं फिरवलं की बंद करणं होतं. आणि त्या हाताने कुलूप ओढून बघितलं नाही. एवढ्या भरल्या थिएटरात ते कुणाला खटकलं नाही.

"आजी, ती तुझा बांगडी होता!" नात ओरडली. "यू आर फेमस!"

बाहेर दिग्दर्शक लोकांच्या गराड्यात उभा होता. मला बघून चेहरा पडला त्याचा. प्रोड्युसर ऐकेना, म्हणाला. अम्मा अकेली घर गई तो फॅमिली ऑडियन्स नहीं आएगा. परत शूट करायला बजेट नव्हतं. "शॉट वही है अम्मा, उल्टा किया. किसीको पता नहीं चला."

"मुझे चला," मी म्हटलं. हात पुढे केला. "मेरी किल्ली."

तो माझ्या मुलाकडे बघायला लागला. "वो तो... मैंने ऑफिस में दे दी, अम्मा. पिछले महीने. आपके बेटे को."

मोठा गाडी आणायला निघालाच होता.

गाडी मोटरवेला लागली. मग तोच म्हणाला, "आई, तुला सांगणारच होतो. एक मित्र नागपूरला जात होता, त्याच्याबरोबर पाठवली. चांगली माणसं मिळालीत, दोघंही नोकरीवाले. तुझं सामान नीट बांधून ठेवलंय." त्याचे डोळे अजून सिनेमाने लाल होते. "आणि बघ ना, एंडला तीसुद्धा आलीच ना मुलांकडे? हॅपी होती."

मी म्हटलं, "मी उघडलं होतं."

"अगं, फिल्म आहे ती, आई."

कुलूप मोठ्याने आणून दिलं माझ्या बॅगचं. किल्लीशिवाय ते लागत नाही, त्यामुळे आता बॅग उघडीच असते. सुनेला बरं वाटतं. आता ओळखीपाळखीत सगळ्यांना सांगतात, त्या सिनेमात आमच्या आईचा हात आहे, शेवटी घर बंद करते ना, तो.

परवा समोरच्या मैत्रिणीचा नागपूरहून फोन आला. भाडेकरू बरे आहेत म्हणाली, आल्या आल्या त्यांनी दाराला नवं कुलूप लावलं. मग म्हणाली, "काहून गं, इतकी घाई केलीस? पोरांनी कुलूप तोडलं असतं ना, तर आम्ही सगळे दारात उभे राहणार होतो. ठरलं होतं आमचं. पण तो माणूस तुझी किल्ली घेऊन आला. मग काय बोलणार? तूच दिली असशील ना?"

मी म्हटलं, हो, मीच दिली.