साळवे मावशींचा पहिला प्रश्न

मोबाईल बिघडला म्हणून साळवे मावशींकडे गेलं, की त्या मोबाईलकडे बघायच्याच नाहीत. तो तुमच्याच हातात राहू द्यायच्या, चष्मा कपाळावर सरकवायच्या आणि विचारायच्या, "शेवटचं चांगलं कधी होतं?" म्हणजे हा मोबाईल शेवटचा धड कधी चालला होता. तुम्ही "परवा" म्हणालात, की परवापासून आत्तापर्यंतचं तुमचं सगळं चरित्र त्या काढून घ्यायच्या. कुठे गेला होता, कुणाच्या हातात दिला होता, पाणी लागलं का, पोरांनी गेम टाकला का. पोलीस चौकी परवडली! "मी काहीच केलं नाही हो मावशी," असं प्रत्येक जण म्हणायचा. त्यावर त्यांचं उत्तर ठरलेलं होतं. "काहीच न केलेलं माणूस माझ्या दारात अजून आलं नाही. आठव."

अंबरनाथ आणि बदलापूरच्या मधे चिखलोलीला स्टेशन होणार, या आशेवर आम्ही इथे फ्लॅट घेतला. स्टेशन व्हायचं तेव्हा होईल, पण पहिल्याच आठवड्यात माझ्या मोबाईलचा आवाज गेला आणि शेजारणीने मला खालच्या मजल्यावर पिटाळलं. मावशींनी दहा मिनिटं माझी उलटतपासणी घेतली. शेवटी मी कबूल केलं, की रविवारी उल्हासनगरला गेले होते आणि तिथून नवं कव्हर आणलं. त्यांनी नखाने कव्हर काढलं. लगेच आवाज आला. "भोक दुसऱ्या मॉडेलचं आहे," मावशी म्हणाल्या, "मोबाईलचं तोंड दाबून धरल्यावर तो बोलणार कसा?" मी बी.एस्सी. झालेली बाई, रसायनशास्त्र घेऊन. मान खाली घालून जिना चढले.

मावशी सातवी शिकलेल्या. आनंदनगरच्या एका कंपनीत त्यांनी सत्तावीस वर्षं बाटल्यांची बुचं तपासली. प्रत्येक खोक्यात तपासणारीच्या नंबरची चिठ्ठी टाकायची पद्धत होती, आणि मावशींचा नंबर सतरा. खोकं खराब निघून परत आलं, की साहेब चिठ्ठी हातात घेऊन यायचा आणि सगळ्या बाया टेबलाखाली काहीतरी शोधायला लागायच्या. "मी आपली उभी राहायची," मावशी सांगायच्या. "सतरा नंबर माझा, म्हणायची. त्याने नाव घ्यायच्या आधी आपण घेतलं ना, की बोलणी अर्धीच बसतात."

निवृत्त झाल्यावर पुण्याच्या मुलाने त्यांना मोबाईल घेऊन दिला. मावशींनी तो बुचासारखाच तपासला. रोज दुपारी एक सेटिंग उघडायचं, काय होतं ते बघायचं, पुन्हा होतं तसं करायचं आणि वहीत लिहायचं. इंग्रजी येतं का, असं कुणी विचारलं तर म्हणायच्या, "येतं की. फक्त घाईत येत नाही." दोन वर्षांत त्या वहीच्या जोरावर आमच्या चारी मजल्यांवरच्या मोबाईलांचा दवाखाना त्यांच्याकडे गेला. चौथ्या मजल्यावरचे देशमुख तेवढे त्यांना 'सातवी पास इंजिनियर' म्हणायचे, आणि स्वतःचा मोबाईल बायकोच्या हाती खाली पाठवायचे.

त्या काळात बायकांची एकच तक्रार होती. रोजचा दीड जीबी सकाळी दहालाच संपतो आणि मग दिवसभर नुसतं चाक फिरत बसतं. मावशींनी छडा लावला. प्ले स्टोअर आपलं आपण सगळी ॲपं नवी करत बसतं आणि नेट पिऊन टाकतं. एका रविवारी विहारात वंदना झाल्यावर त्यांनी बायकांना थांबवून घेतलं, ओळीने मोबाईल मागितले आणि प्रत्येकीच्या प्ले स्टोअरचा मोबाईल डेटा बंद करून टाकला. घरच्या वायफायवर काय ते चालू दे, सिमच्या नेटवर नको. मी विहारात नव्हते, पण संध्याकाळी माझ्याही दारात आल्या. "आण इकडे, तुझंही बूच गळत असेल." मी पोळ्या लाटत होते. पिठाचे हात तसेच, बोटाने मोबाईल दाखवला आणि दोन मिनिटांत विसरूनही गेले. दुसऱ्या दिवसापासून नेट रात्रीपर्यंत पुरायला लागलं. सगळ्यांनी मावशींना दुवा दिला.

पुढे चारेक महिन्यांनी एका शुक्रवारी माझं घोडं अडलं. मुलगा झाल्यावर मी नोकरी सोडली होती. अकरा वर्षं झाली होती. आनंदनगरच्या एका कंपनीत प्रयोगशाळेसाठी माणूस हवं होतं, मी कुणाला न सांगता अर्ज केला होता, आणि त्या दिवशी बारा वाजता निरोप आला, की आज चार वाजता ऑनलाईन मुलाखत आहे. शुक्रवार म्हणजे कंपनीला सुट्टी, साहेब घरूनच बोलणार. सोबत एका ॲपचं नाव होतं. ते घ्यायचं आणि आपल्याच नंबरने आत जायचं. त्या दुपारी मला किती आनंद झाला होता, ते आज लिहितानाही आठवतं. वय एक्केचाळीस, आणि मी स्वयंपाकघरात एकटीच नाचले.

शुक्रवारी आमच्याकडे दुरुस्तीसाठी लाईट बंद ठेवतात. ती सकाळपासून गेलेली, म्हणजे वायफायही बंद. हरकत नाही, सिमचं नेट होतं. प्ले स्टोअर उघडलं तर राखाडी पडद्यावर एकच वाक्य: इंटरनेट नाही, पुन्हा प्रयत्न करा. पुन्हा प्रयत्न केला. मोबाईल बंद करून चालू केला. विमानाचं चित्र दाबलं, सोडलं. सिम काढून पदराला पुसून परत घातलं. गंमत म्हणजे बाकी सगळं चालू होतं. व्हॉट्सॲपवर बहिणीने पाठवलेली सुविचारांची फुलं धडाधड येत होती, फक्त प्ले स्टोअरला नेट दिसत नव्हतं. नवऱ्याला फोन केला. तो मुंबईला ड्युटीवर. म्हणाला, "मावशींकडे जा." पण घाई असलेल्या माणसाने मावशींकडे जाऊ नये, असं आमच्या बिल्डिंगमध्ये म्हणायचे. त्यांची चौकशी व्हायला वेळ लागायचा. मी रिक्षा केली आणि अंबरनाथ स्टेशनजवळचं मोबाईलचं दुकान गाठलं.

दुकानदार उल्हासनगरचा सिंधी, स्वभावाने गोड, पण समोर दहा गिऱ्हाईकं. त्याने मोबाईल दोनदा चोळला. "दीदी, सॉफ्टवेअर गया है. रीसेट मारना पडेगा, सब उड जायेगा. छोडके जाओ, शाम को ले जाना." मी म्हटलं, "भाऊ, चार बजे मेरा इंटरव्ह्यू है." तो बिचारा खरंच हळहळला. "तो फिर आज नहीं होगा, दीदी." परत येईपर्यंत तीन वाजत आले होते. काखेत कळसा आणि गावाला वळसा! मावशींच्या दारात उभी राहिले तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी होतं.

मावशी तांदूळ निवडत होत्या. मी एका दमात सगळं सांगितलं. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला.

"शेवटचं चांगलं कधी होतं?"

"मावशी, आत्ता नको ना! चार वाजता..."

"वैशाली. प्ले स्टोअर शेवटचं कधी चाललं?"

"काल रात्री. मुलाने अभ्यासाचं काहीतरी घेतलं त्यातून."

"काल लाईट होती?"

"होती."

"म्हणजे वायफाय चालू. आणि आज वायफाय नाही." त्यांचा स्वतःचा मोबाईल शेजारीच होता, तो त्यांनी उचलला, बघितला आणि पुन्हा सुपाच्या कडेला ठेवला. मला वाटलं, यांनाही समजत नाहीये. माझा धीर सुटला.

"हे मी केलंय," मावशी म्हणाल्या. "तुझा मोबाईल चांगला आहे. मीच बंद करून गेले होते, तुला न सांगता. म्हणजे सांगितलं, पण तू पोळ्या लाटत होतीस आणि मी तुला समजलं का ते विचारलं नाही. चूक माझी. आण इकडे."

त्यांनी प्ले स्टोअरच्या चित्रावर बोट दाबून धरलं, आत कुठेतरी गेल्या आणि मोबाईल डेटासमोरची खूण परत लावली. अर्ध्या मिनिटाचं काम. राखाडी पडदा जाऊन रंगीत चित्रांच्या ओळी आल्या. खरं सांगायचं तर त्या क्षणी मला मावशींचा रागही आला. दोन तास माझा जीव गेला होता. पण समोर त्या माफी मागताना जशा ताठ बसल्या होत्या, तशी कुणी माझी माफी मागायची मला सवय नव्हती. रागाला कुठे बसावं ते कळलं नाही.

ॲप आलं. चारला पाच मिनिटं कमी असताना मी साडी नेसून कपाटासमोर बसले, आणि मावशी आमच्या दाराबाहेर प्लास्टिकचं स्टूल टाकून बसल्या. भाजीवाला आला, त्याला परत पाठवलं. कुरिअरवाल्याला "हळू बोल" म्हणून दरडावलं. वरच्या मजल्यावर कुकरची शिट्टी झाली तेव्हा त्या गॅस बंद करायला सांगून आल्या. आत साहेबांनी मला विचारलं, की यंत्राने चुकीचा आकडा दाखवला तर आधी काय कराल? मी मावशींचं 'शेवटचं चांगलं कधी होतं' म्हणायला हवं होतं. भीतीने पुस्तकातलं उत्तर दिलं, तेही अर्धवट. तरी पंधरा दिवसांनी कंपनीतून फोन आला, सोमवारपासून या म्हणून.

पण त्याआधीची गोष्ट सांगायला हवी. मुलाखत झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी वही घेऊन निघाल्या. ज्या ज्या घरातल्या मोबाईलला त्यांनी हात लावला होता, त्या प्रत्येक घरी गेल्या. प्रत्येक दारात तेच बोलणं. "तुमच्या प्ले स्टोअरचं नेट मी बंद केलं होतं. काल वैशाली अडली. आता नीट समजून घ्या, मग चालू ठेवायचं की बंद, ते तुम्ही सांगा." बायका हसायला लागल्या. त्यात रागावण्यासारखं काय आहे, हेच कुणाला कळेना. पवार काकूंनी तर हात जोडले. "मावशी, बंदच राहू द्या! आमची सून दिवसभर काहीबाही उतरवत बसते." मावशी म्हणाल्या, "मग सुनेला बोलवा. मोबाईल तिचा आहे." सून आली, तिने चालू करून घेतलं, आणि काकूंनी आठवडाभर मावशींशी अबोला धरला. देशमुख जिन्यात भेटले. त्यांना टोमणा मारायचाच होता, पण मावशींनीच आधी सांगितलं, "साहेब, ह्या वेळेला सातवी पास इंजिनियर चुकली बरं का." त्या दिवशी पहिल्यांदा ते स्वतःचा मोबाईल स्वतः घेऊन खाली आले.

गेल्या वर्षी मावशींच्या गुडघ्यांनी दावा मांडला. जिना होईना, तेव्हा मुलाने त्यांना पुण्याला न्यायचं ठरवलं. सामान फार नव्हतं. एक लहान टेम्पो, त्यात भांडी, गादी, बाबासाहेबांची तसबीर चादरीत गुंडाळलेली. बिल्डिंगच्या बायका खाली जमल्या होत्या. माझ्या मनात मात्र कितीतरी दिवसांपासून एक गोष्ट खुपत होती. लॅबमधल्या एका मुलीने बोलता बोलता सांगितलं होतं, की दुसऱ्याच्या मोबाईलवरून हॉटस्पॉट घेतला, की आपल्या मोबाईलला ते वायफायच वाटतं. म्हणजे त्या शुक्रवारी मावशींनी नुसता स्वतःचा हॉटस्पॉट चालू केला असता, तरी माझं ॲप आलं असतं. मी त्यांचे पाय धरले असते, सगळ्या बिल्डिंगमध्ये त्यांचं कौतुक सांगितलं असतं, आणि बिघाड कुणी केला ते कधीच कुणाला कळलं नसतं.

मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं, "मावशी, तुम्हाला तेव्हा हॉटस्पॉट माहीत नव्हता का हो?"

"होता की. वहीत लिहिलेला आहे." त्या पिशवीचं तोंड बांधत होत्या. "तेच पहिलं मनात आलं. मोबाईल उचलला नव्हता का मी? बोट पण गेलं होतं तिथपर्यंत."

"मग?"

"मग म्हटलं, ही आज चारला अडली, अजून वेळ आहे. पण मी लपवलं तर बाकीच्यांचं बंदच राहणार. उद्या दुसरी कुणी पावणेचारला अडेल, आणि तेव्हा तिच्याजवळ मी नसेन."

मुलाने हाक मारली. मावशींनी माझ्या गालावरून हात फिरवला, सगळ्यांना जय भीम केला आणि दोघींचा आधार घेऊन त्या टेम्पोत पुढे बसल्या. टेम्पो बदलापूर रोडला लागेपर्यंत मी फाटकात उभी होते. चार बायकांसमोर मी ढसाढसा रडले, आणि मला त्याची अजिबात लाज वाटली नाही.