ढाकणेअण्णांची शिकवणी

टीव्हीवर आपला सिनेमा लागला की ढाकणेअण्णा आवाज बंद करायचे आणि आपले संवाद टीव्हीसमोर उभं राहून स्वतः म्हणायचे. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हसलो. त्यांच्या बायकोनं, शांताबाईंनी, मला नजरेनंच गप्प केलं.

पाणीपुरवठ्याच्या कचेरीत आमची टेबलं शेजारी होती. दुष्काळाची वर्षं, पण मराठवाड्यातलं आमचं शहर वाढतच होतं. हर्सूलच्या पुढं वसाहती उठत होत्या आणि टँकर आला नाही की तिथली माणसं आमच्या टेबलावर हात आपटायची. मी बेजार व्हायचो. अण्णा मन लावून ऐकायचे. "कुलकर्णी, चिडलेला मानूस खोटं बोलत नाय. बघून घ्या." मग रजा टाकून मुंबईला जायचे, कुठल्याशा मालिकेत हवालदार, तलाठी, नवरीचा बाप होऊन यायचे. पडद्यावर दोन मिनिटं. कधी तेवढीही नाहीत.

खरी भूमिका एकदाच मिळाली. विहीर खणताना भाऊ गमावलेला साक्षीदार कोर्टात पाच मिनिटं बोलतो. सिल्लोडकडच्या गावात अण्णांचा थोरला भाऊ असाच दरडीखाली गेला होता. ते भावाच्याच बोलीत बोलले. सिनेमा लागला तेव्हा आईला आणि आम्हा सगळ्या कचेरीला त्यांनी थिएटरात नेलं. पडद्यावर अण्णांचे ओठ हलले आणि आवाज आला परक्याचा, पुस्तकी, गुळगुळीत. म्हातारी मोठ्यानं म्हणाली, "तोंड आपल्या विठ्ठलचं, अन् बोलतंय कोन?" सगळं थिएटर हसलं.

दुसऱ्या दिवशी अण्णांनी माझ्यासमोरच दिग्दर्शकाला फोन लावला. उत्तर मिळालं, "चेहरा छान आहे हो तुमचा. पण ती गावठी भाषा कळणार कुणाला?"

"सोडून द्या, माफ करा," मी म्हणालो.

"माफ कराया मी काय देव हाय का?"

बऱ्याच वर्षांनी टीव्हीवर दुष्काळाच्या मालिका चालू लागल्या. तोच दिग्दर्शक बिडकीनकडं चित्रीकरणाला आला. नायक निखिल, मुंबईचा, तिशीतला. त्याला मराठवाडी शिकवायला माणूस हवा होता, आणि दिग्दर्शकाला अण्णा आठवले. झालेलं त्याच्या लक्षातही नव्हतं.

पंधरा दिवस निखिल रोज घरी यायचा, आल्या आल्या पाया पडायचा. एकदा मी तिथं बसलो होतो. अण्णा शिकवत होते, "काहून बे, कुठं जाऊन राह्यला?" मग लगेच, "काय करालाईस?" पहिलं नागपूरकडचं, दुसरं कोल्हापूरकडचं. निखिल वहीत उतरवून घेत होता. तो गेल्यावर मी म्हणालो, "अण्णा, हे आपलं नाही."

"डायरेक्टर साहेबाला कळतंय का बघू की. तुमी मधी पडू नका."

मी पडलो नाही.

मालिका सुरू झाली आणि सगळा मराठवाडा पोट धरून हसला. टपऱ्यांवर निखिलच्या नकला झाल्या, पेपरात टीका आली, तीन महिन्यांत मालिका बंद पडली. दिग्दर्शक फोनवर ओरडला, "मुद्दाम केलंत तुम्ही!"

"व्हय, मुद्दाम. तुमी रोज कानानं ऐकत होता. एक दिस तरी कळलं का?"

फोन ठेवून त्यांनी शांताबाईंना शिरा करायला सांगितला. मीही खाल्ला. खोटं कशाला बोलू, गोड लागला.

आठवड्यानं निखिल आला. भांडला नाही. खुर्चीच्या कडेवर बसून म्हणाला, "अण्णा, तुम्ही सांगितलेला शब्द न् शब्द मी घोकला. आता मला कुणी काम देत नाही. माझं काय चुकलं होतं?"

अण्णा खाली बघून म्हणाले, "तुजं नाय. तू मधी सापडला."

"मग आता खरी शिकवा."

शांताबाई चहाचा कप घेऊन तशाच उभ्या राहिल्या. "शिकवली तर तू त्याच्याच दारात घेऊन जाशील," असं म्हणून अण्णा आत गेले ते बाहेर आलेच नाहीत. निखिल चहा न घेता निघून गेला.

त्यानंतर अण्णांनाही मुंबईहून बोलावणं आलं नाही. त्याचं त्यांना काही वाटलेलं दिसलं नाही. शेवटच्या दुखण्यात मी दवाखान्यात जाऊन बसायचो. एका दुपारी त्यांनी माझं मनगट धरलं. "त्या पोराला शिकवायला पायजे होतं, कुलकर्णी. लई वाईट झालं." डोळ्यांतून पाणी आलं. मी ते पुसलं. मला वाटलं, आता माणूस मोकळा झाला.

थोड्या वेळानं त्यांनी डोळे उघडले. आवाज पार बसला होता, तरी शब्द स्पष्ट होते.

"पन साहेबाला माफ नाय हां."

तिसऱ्या दिवशी ते गेले.