क्लाइव्हचे डोळे

कला महाविद्यालयात हिलरी थ्वेट माणसांचे चेहरे काढायची. पोरगी नाव काढणार, असं अख्खं स्कारबरो म्हणायचं. नाव झालं, पण कुत्र्यांपायी. शेजारणीचा मेलेला कुत्रा तिने फोटोवरून रंगवला, शेजारीण ढसाढसा रडली, आणि मग वर्षानुवर्षं दारात कुत्र्यांचेच फोटो येत राहिले. आपलं चित्र काढून घ्यायला एक माणूस फिरकेल तर शपथ! ‘एवढं संपलं की चेहरे’ म्हणता म्हणता साठी उलटली.

नवऱ्याने, क्लाइव्हने, अंथरूण धरलं आणि डॉक्टरांनी हात टेकले, तेव्हा कुठे ती त्याला रंगवायला बसली. चित्र पुरं झाल्यावर तिने ते त्याच्यासमोर धरलं.

चहाचा कप बाजूला ठेवून क्लाइव्हने बराच वेळ पाहिलं. “झकास गं,” तो म्हणाला. “गळ्यात पट्टा तेवढा राहिला.”

ती पोट धरून हसली. मग चित्र खिडकीशी नेलं. ओलसर, इमानी डोळे वर बघत होते, आता कुणीतरी फिरायला नेईल म्हणून.

तिने ते खरवडून पुन्हा काढले. पुन्हा तेच उमटले. तिसऱ्यांदा खरवडले, तेव्हा समोर बघायला क्लाइव्ह उरला नव्हता.