पाण्यावरची हाळी

माझी बायको सखू गेली त्याच्या आदल्या सांजेला आम्ही दोघं गोठ्यात कपिला गायीच्या गोचिड्या काढत बसलो होतो.

काल जत्रेत गुराख्यांची गाणी जपण्यात हयात घालवलेले एक गायकसाहेब आले. खांद्यावर कोरी घोंगडी. गुरांना पाण्यावर बोलवायची सखूची हाळी तिच्याकडूनच शिकून नेलेली, ती त्यांनी पेटीवर म्हटली. सखू एक ओळ म्हणून गुरानं मान वर करीपर्यंत थांबायची. हे फक्त टाळ्यांना थांबले.

"बाबा, कशी झाली?" साहेबांनी मला विचारलं.

"गाय कुठं आली?"

साहेब हसले. मला शिसारी आली. मेलेल्याचा आवाजसुद्धा धुऊन इस्त्री करून मांडतात.

आज सकाळी माळावर पहिली ओळ मीच घोगऱ्या आवाजात म्हटली आणि थांबलो. कपिलेनं मान वर केली आणि माझ्या पाठीमागं बघत राहिली.